मार्मालेडची कुळकथा

पोर्तुगीज लोक आपल्या किनाऱ्यावर आले आणि त्यांच्या भाषेतील कितीतरी शब्द मराठीच्या घरात कायमचे मुक्कामाला राहिले. पाव, बटाटा, काजू, अननस, साबण, चावी, पगार, इस्त्री हे शब्द परके आहेत असे सांगितले तर आज कोणाला खरे वाटणार नाही, इतके ते आपलेसे झाले आहेत. त्याच भाषेतील एक शब्द मात्र दुसऱ्याच दिशेने गेला. जहाजात बसून तो इंग्लंडात उतरला, तेथे राहून त्याने आपला मूळ अर्थ टाकला आणि पुढे इंग्रजी अमदानीत बरणीवरच्या चिठ्ठीवर छापला जाऊन आपल्या बाजारपेठांत दाखल झाला. हा शब्द म्हणजे 'मार्मालेड'.

संत्र्याचा रस, साल आणि साखर यांचा किंचित कडसर मुरंबा, एवढीच त्याची ओळख आपल्याला असते. त्याचा इतिहास म्हणून ज्या कथा सांगितल्या जातात, त्यांत एक आजारी राणी असते आणि एक धाडसी दुकानदार असतो. जुनी कागदपत्रे पाहिली तर या दोन्ही कथा टिकत नाहीत. या पदार्थाला घडविणारी खरी माणसे म्हणजे मठांतील धर्मभगिनी, घरोघरच्या गृहिणी आणि उसाच्या मळ्यांत राबणारे मजूर. त्यांची नावे बरणीवर कधी आली नाहीत. या विसरल्या गेलेल्या माणसांना त्यांची जागा परत मिळावी, या हेतूने आम्ही ही कुळकथा वाचकांपुढे ठेवीत आहोत.

शब्दाचा उगम

'मार्मालेड' या शब्दाचा मुळात संत्र्याशी काहीही संबंध नाही. पोर्तुगीज भाषेत 'मार्मेलो' नावाचे एक फळ आहे. काश्मीरकडे ते पिकते आणि हिंदीत त्याला 'बिही' म्हणतात. दिसायला ते पिवळ्या, ओबडधोबड नासपतीसारखे असते. कच्चे खावे तर तुरट आणि दातांना न जुमानणारे. परंतु मधात किंवा साखरेत मंद आचेवर शिजविले की त्याला तांबूस रंग चढतो, घमघमाट सुटतो आणि थंड झाल्यावर त्याची घट्ट वडी पडते. ग्रीक भाषेतील 'मेलिमेलोन', म्हणजे मधुर सफरचंद, या शब्दापासून लॅटिन 'मेलिमेलुम' आणि त्यापासून पोर्तुगीज 'मार्मेलो' अशी या नावाची परंपरा आहे. मार्मेलोची जी वडी, ती 'मार्मेलादा'. आपला 'मुरंबा' हा शब्द अरबी 'मुरब्बा'वरून आला आहे. मार्मालेड आणि मुरंबा यांचे उच्चार जवळचे वाटले तरी त्यांची कुळे निराळी आहेत.

आपल्या चांगल्या परिचयाचा एक वृक्षही या शब्दाच्या गोत्रात येऊन बसला आहे. गोव्यात वैद्यकी करणारे गार्सिया द ओर्ता यांनी भारतातील औषधी द्रव्यांवर लिहिलेला ग्रंथ १५६३ साली गोव्यातच छापला गेला. आपल्याकडील बेलफळाला पोर्तुगीज लोक 'बंगालचा मार्मेलो' म्हणत, याची नोंद त्यात आहे. टणक कवचाचे ते फळ पाहून त्यांना मायदेशीच्या फळाची आठवण झाली असावी. पुढे वनस्पतिशास्त्रज्ञांनी बेलाला 'एगल मार्मेलोस' हे नाव दिले. १८०० साली या नावाला आजचे रूप देणारे जुझे कोर्रैया द सेर्रा हे स्वतः एक पोर्तुगीज धर्मगुरू होते. विशेष असे की, शास्त्रीय वर्गीकरणानुसार बेल हा लिंबू-संत्र्यांच्याच कुळातला वृक्ष आहे. म्हणजे मार्मेलोचे नाव संत्र्याच्या एका नातलगाला इकडे भारतातही मिळाले.

मठातील वड्या

पोर्तुगालात मार्मेलादा हा चमच्याने खाण्याचा पदार्थ नव्हता. फळाचा गर आणि साखर एकत्र आटवून तो गोल लाकडी डब्यांत ओतीत, वाळवीत आणि सुरीने काप करून जेवणाच्या शेवटी खात. अन्न पचावे, पोट शांत राहावे, अशी त्यामागची समजूत होती. साखर तेव्हा औषधांच्या दुकानात मिळणारी मोलाची वस्तू होती, म्हणून असा डबा राजेरजवाड्यांना नजराणा म्हणून देण्याजोगा मानला जाई.

या कलेत मठांतील धर्मभगिनींचा हातखंडा होता. लिस्बनजवळ ओदिव्हेलाश येथे राजा दिनिश याने १२९५ साली स्थापन केलेला सिस्टर्शियन संघाच्या भगिनींचा मठ होता. तेथील फिकट पांढरी मार्मेलादा देशभर प्रसिद्ध होती. १८३४ साली पोर्तुगीज सरकारने धर्मसंघ बरखास्त केले आणि पुढे तो मठ ओस पडला. पण तेथील वडीची कृती गावातील घरांत शिल्लक राहिली आणि ओदिव्हेलाशचे नाव आजही त्या पांढऱ्या मार्मेलादाशी जोडलेले आहे. प्रार्थनेच्या घंटांच्या मधल्या वेळात ज्या हातांनी हा गर घोटला, त्या हातांच्या मालकिणींची नावे मात्र कोणी लिहून ठेवली नाहीत.

गोव्यात मार्मेलो पिकत नव्हता, पेरू आणि आंबे मात्र भरपूर होते. तेथील गृहिणींनी तीच रीत या फळांना लावली. नाताळच्या ताटात मानाने बसणारी पेराड आणि आंब्याची मांगाड या त्या वड्या. या दोन्ही शब्दांच्या शेवटी जो 'आड' ऐकू येतो, तो 'मार्मेलादा'च्याच घराण्याचा आहे. आपल्या वाचकांपैकी ज्यांची गोव्याकडे सोयरीक आहे त्यांच्या घरी या वड्या आल्याच असतील. पाचशे वर्षांपूर्वीच्या पोर्तुगीज मार्मेलादाला आजच्या कोणत्याही बरणीपेक्षा ही पेराडच अधिक जवळची आहे.

लंडनच्या बंदरातील जकातीच्या नोंदींत मार्मेलादाचे डबे १४९५ पासून दिसू लागतात. १५२४ साली एक्झेटरच्या हल नावाच्या गृहस्थाने राजा आठव्या हेन्रीला मार्मालेडचा एक डबा भेट दिल्याची नोंद आहे. आता राणीची कथा पाहू. स्कॉटलंडची राणी मेरी आजारी पडली असता तिच्या आचाऱ्याने संत्री आणि साखर यांचा हा पदार्थ केला आणि फ्रेंच भाषेत 'मारी मालाद', म्हणजे 'मेरी आजारी आहे', या शब्दांवरून त्याला नाव पडले, असे सांगतात. मेरीचा जन्म १५४२ सालचा. हेन्रीला डबा मिळाला तेव्हा तिच्या जन्माला अठरा वर्षे अवकाश होता. ऐकायला गोड, पण साफ चुकीची कथा.

नारंगाचा प्रवास आणि संत कॅथरिनचे पत्र

आता त्या डब्यात संत्रे कसे शिरले ते पाहावयाचे. संस्कृतातील 'नारंग' हा शब्द फळाबरोबरच पश्चिमेकडे चालत गेला. फार्सीत तो 'नारंग', अरबीत 'नारंज', स्पॅनिशमध्ये 'नारांजा' आणि पोर्तुगीजमध्ये 'लारांजा' झाला. अरबांनी सिसिली आणि स्पेन येथे जे झाड नेले ते कडू संत्र्याचे. सेव्हिल शहराच्या रस्त्यांच्या दुतर्फा आजही तीच झाडे उभी आहेत. गोड संत्रे युरोपात रुळले ते बऱ्याच नंतर, आणि त्यात पोर्तुगीजांचा वाटा एवढा मोठा होता की अरबी भाषेत गोड संत्र्याला आजही 'बुर्तुकाल', म्हणजे पोर्तुगाल, असेच म्हणतात.

कडू संत्रे सोलून खाता येत नाही. त्याचा रस आंबट आणि साल कडू जहर. तरीही हे झाड युरोपात जिवापाड जपले गेले. रोममधील सांता साबिना मठाच्या आवारातील संत्र्याचे झाड संत डॉमिनिक यांनी तेराव्या शतकाच्या प्रारंभी लावले, अशी परंपरा आहे. त्याच डॉमिनिकन परिवारातील सिएनाची संत कॅथरिन हिने या कडू फळाविषयी लिहिलेले एक पत्र उपलब्ध आहे. मार्मालेडच्या इतिहासात त्याचा उल्लेख क्वचितच होतो, पण आमच्या मते त्याला तेथे मानाचे स्थान हवे.

काळ मोठा कठीण होता. १३७८ साली सहावे अर्बन पोपपदी निवडले गेले आणि त्याच वर्षी दुसऱ्या पोपची निवड होऊन ख्रिस्तसभेत मोठी फूट पडली. अर्बन यांचा स्वभाव तापट आणि जीभ तिखट होती. त्यामुळे जवळची माणसेही दूर जात होती. कॅथरिन अर्बन यांच्याच बाजूची होती आणि त्यांच्याच बोलावण्यावरून रोमला आली होती. तिने त्यांना साखरवलेली, वर सोन्याचा वर्ख दिलेली पाच संत्री भेट पाठविली आणि सोबत पत्र लिहिले. संत्रे मुळात कडू आणि उग्र असते, परंतु आतला भाग काढून ते पाण्यात भिजत ठेवले की पाणी त्याचा कडूपणा ओढून घेते. मग आत पौष्टिक द्रव्ये भरावीत आणि बाहेरून सोन्याने मढवावे, असा त्या पत्रातील आशय आहे. परमगुरूंनीही आपल्यातील कडूपणा असाच धुऊन काढावा आणि दयेने भरून जावे, हे तिला सुचवावयाचे होते.

एका रंगाऱ्याची ही मुलगी. पोपमहाशयांना उपदेश करताना तिने दृष्टान्त निवडला तो स्वयंपाकघरातला. ते पत्र वाचताना हेही लक्षात येते की संत्र्याची साल भिजवून तिचा कडूपणा काढण्याची रीत चौदाव्या शतकात इटलीत चांगली रुळलेली होती. ती कोणा दुकानदाराची युक्ती नव्हे.

घराघरांतील वह्या

इंग्लंडात आणि स्कॉटलंडात दर हिवाळ्यात स्पेनहून कडू संत्र्यांची जहाजे येत. मार्मेलोच्या वडीची रीत गृहिणींना ठाऊक होतीच. ती त्यांनी संत्र्याला लावली. त्या काळी सुखवस्तू घरांतील स्त्रिया आपली हस्तलिखित वही ठेवीत. तिच्यात खोकल्याच्या काढ्याशेजारी मुरंब्याची कृती असे आणि वही आईकडून मुलीकडे जाई. इंग्लंडातील चेशर परगण्याच्या एलायझा चम्ली या बाईंच्या वहीत संत्र्याच्या मार्मालेडची कृती सापडते. त्या वहीचे साल आहे १६७७. पुढे अठराव्या शतकात स्कॉटलंडात हा पदार्थ जेवणाच्या शेवटावरून उठून सकाळच्या न्याहारीला येऊन बसला. १७७३ साली तेथे प्रवास केलेले विद्वान डॉ. सॅम्युएल जॉन्सन यांनी स्कॉटिश न्याहारीत चहाबरोबर लोणी, मध आणि मार्मालेड मिळत असल्याचे आपल्या प्रवासग्रंथात नमूद केले आहे.

आता दुकानदाराची कथा. डंडी बंदरात वादळामुळे एक स्पॅनिश जहाज आश्रयाला आले. जेम्स कीलर नावाच्या व्यापाऱ्याने त्यातील संत्री स्वस्तात खरेदी केली. ती इतकी कडू निघाली की कोणी घेईना. तेव्हा त्याच्या पत्नीने, जॅनेटने, ती साखरेत शिजवली आणि मार्मालेडचा शोध लागला. कथा सुरस आहे, पण जॅनेट ही जेम्सची पत्नी नव्हती, आई होती. आणि कीलर मायलेकांनी १७९७ साली धंदा सुरू केला तेव्हा चम्लीबाईंची कृती लिहिली जाऊन १२० वर्षे उलटली होती. कीलर घराण्याचे श्रेय निराळे आहे. गृहिणींच्या हातची जुनी वस्तू त्यांनी दुकानात आणली. वडीसारखे घट्ट न ठेवता ती पावावर पसरता येईल इतकी मऊ केली आणि सालीचे बारीक काप घालून तिचे उत्पादन मोठ्या प्रमाणावर केले. कंपनीच्या नावात 'जेम्स कीलर आणि पुत्र' एवढेच राहिले. आई चिठ्ठीवरून गळाली.

ऑक्सफर्डमध्ये हेच पुन्हा घडले. १८७४ साली सारा जेन कूपर या गृहिणीने आपल्या घरच्या चुलीवर ७६ पौंड, म्हणजे सुमारे साडेचौतीस किलो, मार्मालेड केले. पतीच्या किराणा दुकानातून ते हातोहात खपले. पुढे ते विद्यार्थ्यांच्या आणि प्राध्यापकांच्या आवडीचे झाले आणि १९१० साली निघालेल्या कॅप्टन स्कॉट यांच्या मोहिमेबरोबर दक्षिण ध्रुवाच्या बर्फापर्यंत गेले. बरणीवर नाव होते पतीचे: फ्रँक कूपर.

शब्दाचा अर्थही यथावकाश कायद्याने बांधला गेला. १९७९ साली युरोपीय समुदायाने 'मार्मालेड' हे नाव लिंबूवर्गीय फळांपुरते राखून ठेवले. कोणत्याही फळाच्या मुरंब्याला 'मार्मेलाडे' म्हणणाऱ्या जर्मन भाषकांना ते रुचले नाही. अखेर २०२४ साली युरोपीय संघाने नियम सैल केला. ज्या मार्मेलो फळाने हे नाव दिले, ते या साऱ्या वादात बाजूलाच राहिले!

साखरेचे ऋण

एक किलो कडू संत्र्यांना सुमारे दोन किलो साखर लागते. तेव्हा मार्मालेडचा इतिहास सांगायचा आणि साखरेविषयी गप्प राहायचे, हे सत्याला धरून होणार नाही. कोलंबस १४९३ साली दुसऱ्या सफरीवर निघाला तेव्हा त्याच्या जहाजांवर कॅनरी बेटांवरून घेतलेली संत्र्यांची बियाणी होती आणि उसाची बेणीही होती. दोन्ही कॅरिबियन बेटांच्या मातीत रुजली. उसाने तेथे जे रूप घेतले ते भयानक होते. आफ्रिकेतून पकडून आणलेल्या लक्षावधी माणसांना त्या मळ्यांत गुलाम म्हणून राबविले गेले. मायदेशी साखर स्वस्त होत गेली आणि मुरंब्याची बरणी श्रीमंतांच्या फडताळातून सामान्यांच्या घरात आली, ती त्यांच्या घामावर आणि रक्तावर.

या पापातून ख्रिस्ती समाज सुटत नाही, आणि त्याचे खापर केवळ अन्य पंथीयांवर फोडून आपणही सुटत नाही. १४५२ साली पाचव्या निकोलस पोपनी पोर्तुगालच्या राजाला दिलेल्या आज्ञापत्रात अख्रिस्ती लोकांना कायमच्या दास्यात ढकलण्याची मुभा होती. पुढे १८३९ साली सोळाव्या ग्रेगरी पोपनी गुलामांच्या व्यापाराचा स्पष्ट शब्दांत निषेध केला. १९९२ सालच्या फेब्रुवारीत पोप जॉन पॉल दुसरे सेनेगलच्या गोरे बेटावर उभे राहिले, जेथे गुलामांच्या व्यापाराची स्मृती जतन केली आहे, आणि त्यांनी या पापाबद्दल क्षमा मागितली. सत्य उशिरा बोलले गेले, तरी ते बोलले गेलेच पाहिजे.

या काळोखात एक दिवा लागला तो पुन्हा स्वयंपाकघरातच. १७९१ साली लंडनमध्ये विल्यम फॉक्स याने एक पत्रक काढले. आठवड्याला पाच पौंड साखर वापरणाऱ्या कुटुंबाने एकवीस महिने ती वर्ज्य केली तर एका माणसाची गुलामगिरी किंवा हत्या टळेल, असा हिशेब त्याने मांडला. गुलामगिरीविरोधी कार्यकर्ते टॉमस क्लार्कसन यांच्या अंदाजाप्रमाणे सुमारे तीन लाख लोकांनी वेस्ट इंडीजची साखर सोडली. त्यात पुढाकार होता स्त्रियांचा. त्यांना संसदेत मत नव्हते, पण घरात काय शिजावे हे त्यांच्या हाती होते. कीलर मायलेकांनी दुकान थाटण्याआधी सहा वर्षांची ही गोष्ट. उपवासाचे जे मर्म आपण प्रायश्चित्तकाळात शिकवतो, त्याचे याहून चांगले उदाहरण आम्हाला ठाऊक नाही.

१८३४ साली ब्रिटिश साम्राज्यात गुलामगिरी कायद्याने संपली आणि मळेवाल्यांची नजर भारताकडे वळली. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात गिरमिट लिहून दिलेले छत्तीस भारतीय मजूर मॉरिशसच्या किनाऱ्यावर उतरले. पुढील काळात बिहार आणि तामिळ मुलखाप्रमाणेच कोकणातूनही, विशेषतः रत्नागिरीकडून, आपली मराठी माणसे मुंबई बंदरातून तेथे गेली. त्यांच्या वंशजांनी आपली मराठी अस्मिता आजही जपली आहे. मॉरिशसची साखर विलायतेच्या बाजारात जात होती. तेथील न्याहारीच्या मेजावरच्या गोडव्यात कोकणातल्या मजुराच्या कोयत्याचाही वाटा होता, हे कोणत्याही बरणीवर लिहिलेले आढळणार नाही.

घरच्या चुलीवर

इतके सांगितल्यावर प्रत्यक्ष कृतीकडे वळू, कारण या कृतीतील प्रत्येक पायरीमागे मागच्या पिढ्यांचे शहाणपण आहे.

सेव्हिलच्या संत्र्यांचा हंगाम जानेवारी-फेब्रुवारीचा. तिकडच्या प्रमाणाप्रमाणे एक किलो संत्री, सुमारे अडीच लिटर पाणी, दोन किलो साखर आणि एका मोठ्या लिंबाचा रस घेतात. फळे धुऊन, रस पिळून, सालीचे बारीक काप करतात. बिया आणि आतील पांढरा गर फेकायचा नसतो. तो स्वच्छ पातळ फडक्यात बांधून त्याची पुरचुंडी त्याच पाण्यात सोडायची आणि सारे रात्रभर भिजू द्यायचे. संत कॅथरिनने सांगितलेले पाण्याचे काम ते हेच. पुढे हे पाणी मात्र ओतून द्यायचे नाही, कारण थोडा कडूपणा हीच मार्मालेडची खूण आहे.

दुसऱ्या दिवशी मंद आचेवर साल बोटाने दाबताच तुटेल इतकी शिजवावी. याला दोन तास तरी लागतात. येथे घाई करून चालत नाही, कारण साखर एकदा पडली की साल पुढे मऊ होत नाही. मग पुरचुंडी घट्ट पिळून तिच्यातला बुळबुळीत रस पातेल्यात उतरवून घ्यावा. मार्मालेड धरते ते या रसामुळे. बियांत आणि पांढऱ्या गरात असणाऱ्या या द्रव्याला आंरी ब्राकोनो या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने १८२५ साली 'पेक्टिन' हे नाव दिले. त्याच्या कितीतरी पिढ्या आधीपासून धर्मभगिनी आणि गृहिणी त्याच्या बळावर वड्या पाडीत होत्या. पेक्टिन, आंबटपणा आणि भरपूर साखर या तिघांचे जमले तरच घट्टपणा येतो.

शेवटी साखर घालून ती पूर्ण विरघळली की आच मोठी करावी. तापमापक असल्यास पाक १०४ ते १०५ अंश सेल्सिअसवर तयार होतो. नसल्यास थंड बशीवर एक थेंब टाकावा आणि गार झाल्यावर बोटाने सरकवावा. त्याला सुरकुती पडली तर पातेले उतरवावे. दहा-पंधरा मिनिटे थांबून, म्हणजे काप तळाशी न बसता सारखे पसरतात, गरम पाण्यात उकळलेल्या कोरड्या बरण्यांत ते भरावे.

आपल्याकडे कडू संत्रे सहसा मिळत नाही. नागपुरी संत्रे सुटसुटीत सालीचे आणि गोड. एकट्याने त्याला तो कडसर कस येत नाही. त्याच्या जोडीला लिंबू किंवा ईडलिंबू घेतले तर आंबटपणाही मिळतो आणि धरही येतो. गणेशोत्सवाच्या सुमारास बाजारात येणारे पपनसही या कामी चांगले, मात्र त्याच्या सालीखालचा जाड पांढरा थर बराचसा काढून टाकावा लागतो. साखरांब्याचा पाक ज्यांच्या हाताला ठाऊक आहे, त्यांना यात अवघड असे काही नाही.

आमच्या वाचक भगिनींना शेवटी एक विनंती आहे. पेराड असो, लोणचे असो की मार्मालेड, आपल्या आईची आणि आजीची कृती एका वहीत उतरवून ठेवा. त्या कृतीशेजारी ती कोणाची, कोणत्या गावची, कोणत्या साली लिहिली, हेही नोंदवा. कितीएक आज्या आपल्या हातची चव बरोबर घेऊन गेल्या आणि मागे आपण 'तशी चव आता नाही' एवढेच म्हणत राहिलो. एलायझा चम्ली हिचे नाव साडेतीनशे वर्षांनी आम्ही येथे लिहू शकलो, याचे कारण तिने वही राखली होती. आपल्या घरातील स्त्रियांची नावेही अशीच पुढच्या पिढीच्या हाती पडावीत. कृती लिहिताना साल आणि बिया फेकू नका, ही सूचना विसरू नये.